थांबायची खूण

३ नोव्हेंबर, सोमवार

दुपारी कॉलेजच्या ग्रंथालयात परत आलेली पुस्तकं लावत होते. अनोळखी नंबरवरून फोन आला. "मी क्षितिजा. 'पत्र्याचा बाजा' ही फिल्म माझ्या बाबांनी काढली होती. त्यातली पिपाणीवाली मुलगी तुम्हीच ना?"

सदतीस वर्षांनी कोणीतरी मला पिपाणीवाली म्हणालं. मी हातातलं पुस्तक चुकीच्या कप्प्यात ठेवलं. नंतर शोधून काढावं लागलं.

तिचे बाबा दोन वर्षांपूर्वी गेले. त्यांची ती लहानशी फिल्म तिने आता स्वच्छ करून घेतली आहे. तीस तारखेला भिवंडीतच एका हॉलमध्ये दाखवणार आहे. फिल्ममधली सहा मुलं आली तर हवी आहेत, पण मुख्य म्हणजे डबा वाजवणारा. "त्यांच्याशिवाय काही अर्थ नाही. ते अजून इथेच असतात का?"

मी म्हटलं, "हो. माझा भाऊ आहे तो."

ती एकदम खूश झाली. मी तिच्याइतकी खूश आहे असं दाखवलं.

५ नोव्हेंबर, बुधवार

तिने पाठवलेली फिल्म मोबाईलवर पाहिली. अकरा मिनिटं, काळी-पांढरी. गोष्ट एवढीच: एका लग्नाला बँडवाले येतच नाहीत, म्हणून गल्लीतली सहा पोरं पत्र्याचे डबे, थाळ्या आणि पिपाणी घेऊन वरातीपुढे वाजवत निघतात. फिल्ममधल्या गावाची रीत अशी की वाजंत्री थांबल्याशिवाय नवऱ्याने मांडवात पाऊल टाकायचं नाही. वरात मांडवापाशी येते. पाच पोरं थांबतात. सगळ्यात लहान, गळ्यात तेलाचा डबा अडकवलेला, थांबतच नाही. नवरा पाय उचलतो, खाली ठेवतो. ओवाळायच्या ताटातला दिवा विझतो, पुन्हा पेटवतात, पुन्हा विझतो. जेवायला आलेला एक म्हातारा कंटाळून रस्त्यातच बसकण मारतो. शेवटी नवरी स्वतः बाहेर येते आणि त्याच्या हातातल्या काड्या काढून घेते.

डबा एकटाच वाजत असतो ती पंचेचाळीस सेकंदं. त्यांच्यामुळेच ही फिल्म लोकांच्या लक्षात राहिली. मी ती आज सात वेळा पाहिली. आठ. इथे तरी खरं लिहावं.

तो मुलगा मिलिंद. सात वर्षांचा. त्याला नीट ऐकू येत नव्हतं. तेव्हा हे फक्त मला माहीत होतं.

आमची खोली लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या, कारखान्याच्या भिंतीला भिंत लावून होती. आबा तिथेच लूम चालवायचे. दोन पाळ्या खडखडाट असायचा, त्यामुळे आमच्या घरात कोणी कोणाला हाक मारत नसे. कारखान्यातल्याच खुणा घरात यायच्या. बोट फिरवलं की धागा तुटला, म्हणजे घरात, दोरा आण. तोंडापाशी मूठ नेली की जेवायला ये. डावा पंजा वर केला की थांब, लूम बंद. अशा घरात एक मूल ऐकत नसेल तर कळणार कसं? आम्ही सगळेच ऐकण्याऐवजी बघत होतो. हे मी कारण म्हणून लिहिलं. आई-आबांपुरतं ते कारण आहे. माझ्यापुरतं नाही. मी त्याच्या पाठीमागे उभी राहून हाक मारून पाहिली होती. तीनदा, वेगवेगळ्या दिवशी.

बाजा वाजवताना तो माझ्याकडे बघायचा. गाणं संपलं की मी पिपाणी खाली करून डावा पंजा वर करायची. तो थांबायचा. तो आमचा खेळ होता.

त्या पंचेचाळीस सेकंदांत तो माझ्याकडेच बघतो आहे. माझा हात खाली आहे.

९ नोव्हेंबर, रविवार

राहनाळला मिलिंदकडे गेले. गोदामात माल चढवण्या-उतरवण्यावर तो देखरेख करतो. आज त्याला सुट्टी होती. आता त्याला अजिबात ऐकू येत नाही. कानातल्या यंत्राचाही उपयोग संपला. समोर बसून सावकाश बोललं की ओठांवरून कळतं. बोलतो मात्र जोरात, कारण स्वतःचा आवाजही त्याला येत नाही.

तीस तारखेच्या कार्यक्रमाचं मी मोबाईलवर आधीच कळवलं होतं. मी आणखी काही सांगायच्या आधी त्याची मुलगी उन्नती मोबाईल घेऊन आली. "आत्या, हा पप्पा आहे? खरंच? हा डबेवाल्या पोराचा तुकडा नेटवर फिरतोय, आमच्या कॉलेजच्या ग्रुपवर रोज असतो. सरांचं लेक्चर संपत नाही तेव्हा आम्ही हेच पाठवतो."

"किती वेळा पाठवलंस?" मिलिंदने विचारलं.

"शंभर वेळा तरी. मला काय माहीत तुम्ही आहात ते. त्यात तुम्हाला केस आहेत."

मिलिंद गडगडाटी हसला. मग तो तुकडा त्याने स्वतः पाहिला, डोळ्यांजवळ धरून. मी त्याच्या चेहऱ्याकडे बघत होते. काहीच कळलं नाही.

"ये सब लोग हसतात यावर?" त्याने मला विचारलं.

"हो. खूप."

"मग जाऊ की. शर्ट घ्यावा लागंल. गोदामातल्या पोरांना पन सांगतो. साले मला बैरा बैरा करतात, त्यांना कळू दे हीरो कोन हाय."

मी त्या हाताचं सांगायला गेले होते. सांगितलं नाही. उन्नती समोर होती, हे कारण पुरेसं होतं का? ती चहा करायला दहा मिनिटं आत गेली होती.

१५ नोव्हेंबर, शनिवार

आई माझ्याकडेच असते. तिला टीव्हीवर फिल्म लावून दिली. नवरी बाहेर येते तिथे ती डोळ्याला पदर लावून हसली.

"लय नकल्या होता गं माझा पोरगा. साहेब बोलले व्हते आबांना, कोंडूभाऊ, हा जन्माचा कलाकार हाय."

साहेब म्हणजे क्षितिजाचे वडील. शूटिंगच्या दिवशी सकाळपासून तो प्रसंग चार वेळा झाला होता आणि त्यात हसण्यासारखं काहीच नव्हतं, कारण सगळे एकदम थांबायचे. दुपारी साहेब माझ्याजवळ उकिडवे बसले. त्यांनी पाहिलं होतं. "तुझा भाऊ तुझ्या हाताकडे बघतो ना? या वेळी हात वर करू नकोस. बघू काय होतं." मला वाटतं, त्यांना एवढंच वाटलं असेल की लहान आहे, ताईच्या मागे मागे करतो. त्यांना दोष द्यावा असं मला सारखं वाटतं, म्हणून जपून लिहिते आहे. त्यांना माहीत नव्हतं. मला होतं.

मी हात वर केला नाही. सगळे हसले. साहेबांनी माझ्या डोक्यावर थोपटलं. मला आनंद झाला होता. तो आठवतो, अगदी स्वच्छ.

मी आज लिहिते आहे ते त्या पंचेचाळीस सेकंदांसाठी, असं समजत होते. पण फिल्म शाळेच्या मैदानात दाखवली, त्यानंतरची चार वर्षं आहेतच. त्यानंतर मिलिंदला हाक मारली आणि त्याने ओ दिली नाही की लोक हसायचे. "आला बाजावाला. चालू झाला परत." गुरुजी हसायचे. आबा हसायचे. तो लोकांकडे बघायचा आणि तोही हसायचा. चौथीत त्याला वर्गात मागे बसवलं, कारण तो पुढे बसून नकला करतो. अकराव्या वर्षी शाळेत तपासणीसाठी आलेल्या डॉक्टरांनी आबांना विचारलं, "इतके दिवस काय करत होतात? सातव्या-आठव्या वर्षी यंत्र लावलं असतं तर शाळा हातची गेली नसती." सातवीनंतर त्याची शाळा सुटली. मी बी.ए. झाले, मग ग्रंथालयाचा कोर्स केला.

आईला आज म्हटलं, "आई, त्याला तेव्हाच ऐकू येत नव्हतं." तिने टीव्ही बंद केला. "आता कशाला ते? तो हसतो ना? हसू दे."

१९ नोव्हेंबर, बुधवार

मिलिंदने शर्टाचा फोटो पाठवला. निळा, बारीक चौकड्यांचा. मी लिहिलं, छान आहे.

२२ नोव्हेंबर, शनिवार

क्षितिजा ग्रंथालयात येऊन गेली. चांगली मुलगी आहे, ऐकून घेते. वडिलांची वही तिच्याकडे आहे. त्या दिवसाच्या पानावर दोनच शब्द: 'मुलीचा हात'.

"हे काय असेल, तुम्हाला काही आठवतं? मी कार्यक्रमात विचारणार आहे. लोकांना असं काही ऐकायला फार आवडतं."

मी म्हटलं, आठवून बघते.

म्हणजे आता मी सांगितलं नाही तर मिलिंदला स्टेजवर कळेल, माझ्या ओठांवरून, दोनशे लोकांसमोर. आठ दिवस आहेत. मी त्याला सांगायचं ठरवलं याचं श्रेय माझ्या सचोटीला नाही, त्या वहीला आहे.

२९ नोव्हेंबर, शनिवार

सांगितलं.

त्याची दुपारची ड्युटी होती, म्हणून सकाळीच गेले. गोदामांच्या रस्त्याला एका टपरीसमोर बाकावर बसलो. कंटेनर जात होते, बाक हलत होता. मी त्याच्याकडे तोंड करून, शब्द तोडून तोडून सांगितलं. साहेब काय म्हणाले, मी काय केलं. क्षमा मागितली. वाक्य पाठ केलेलं होतं.

तो चहा पीत राहिला. मग म्हणाला, "माहीत हाय मला."

"काय माहीत आहे?"

"सगळे थांबले ते दिसलं ना. कान गेले होते ताई, डोळे होते. थाळीवाला थांबला, बाकीचे थांबले. पन तू हात वर नाय केला. मला वाटलं ताईला ऐकू येतंय, म्हनजे चालू असंल अजून. वाजवला."

टपरीवाला आमच्याकडे बघत होता, कारण मिलिंद हे सगळं मोठ्याने बोलत होता.

"त्याचं काय नाय," तो म्हणाला. "पोरगी होतीस तू. साहेब बोलले, केलंस. पन नंतर? मला ऐकू येत नाय, हे तुला माहीत होतं. चार साल. एकदा तरी आबांना बोलायचं. का नाय बोललीस?"

मी एका गोष्टीची क्षमा घेऊन गेले होते. त्याने दुसरीच मागितली, आणि ती माझ्याकडे नव्हती. मी म्हटलं, मला माहीत नाही.

हे खोटं आहे. निदान अर्धं. घरी येताना रिक्षात आठवत होते. तो सगळ्यांमध्ये फक्त माझ्याकडे बघायचा. शाळेत, गल्लीत, जेवताना. माझ्याकडे इतकं कोणीच कधी बघितलं नाही, नंतरही नाही. डॉक्टरांकडे नेलं असतं तर ते संपलं असतं. दहा वर्षांच्या मुलीला हे इतकं कळत होतं का? कळत नसेल. पण चौदा वर्षांच्या मुलीला कळत होतं.

त्याने चहाचे पैसे दिले. "उद्या येनार का?" मी विचारलं. मीही त्याच्यासारखंच बोलले, का कोण जाणे.

"शर्ट घेतलाय," तो म्हणाला आणि ड्युटीवर गेला.

३० नोव्हेंबर, रविवार

कार्यक्रम साडेदहाला होता. हॉल भरला होता. सहापैकी आम्ही तिघं. थाळीवाला कुमार आता खूप जाडा झाला आहे, त्याने मिलिंदला मिठी मारली आणि सोडेचना. आई पहिल्या रांगेत. गोदामातली आठ-दहा मुलं मागे. उन्नती मोबाईल वर धरून.

फिल्म सुरू झाली. तो प्रसंग आला तेव्हा मिलिंद खुर्चीत मागे वळला. पडद्याकडे पाठ करून तो हॉल बघत बसला. पंचेचाळीस सेकंदं पूर्ण. लोक एकमेकांच्या खांद्यावर पडून हसत होते आणि पडद्याचा उजेड त्यांच्या तोंडांवर होता. मला त्याच्याकडे बघवेना.

मग क्षितिजाने आम्हाला वर बोलावलं. तिने वहीतलं ते पान दाखवलं आणि विचारलं, "ही कल्पना नक्की कोणाची? बाबांची, की तुमची?" मी मिलिंदला प्रश्न सावकाश सांगितला. माईक माझ्याकडे होता. त्याने तो माझ्या हातातून घेतला.

"कुनाची नाय," तो म्हणाला. "मला ऐकू येत नव्हतं. मला वाटलं चालू हाय."

हॉल खदखदून हसला. टाळ्या वाजल्या. गोदामातल्या कोणीतरी "ए बैरा" अशी आरोळी ठोकली आणि शिट्टी मारली.

मिलिंदला ते दिसलं. तो हसला. पुन्हा माईक तोंडाशी नेऊन म्हणाला, "अजून पन येत नाय." आणखी मोठा हशा.

त्या क्षणी मला काय झालं ते मी शक्य तितकं नीट लिहिते. मला वाटलं, हीच ती चार वर्षं. तो खरं सांगतो आहे आणि लोक हसताहेत, आणि मी शेजारी गप्प उभी आहे. मला वाटलं, आज गप्प राहिले तर मी कायमची तीच. मी माईक घेतला. म्हणाले, "हा विनोद नाही. माझा भाऊ तेव्हा खरंच बहिरा होता. मला माहीत होतं. मी त्याला मुद्दाम थांबवलं नाही, आणि नंतर चार वर्षं कोणालाही सांगितलं नाही."

हॉल शांत झाला. मागच्या रांगेतला हशासुद्धा थांबला. आईने मान खाली घातली. क्षितिजाचे डोळे भरले. मला हलकं वाटलं. हेही लिहायला हवं: मला हलकं वाटलं.

मिलिंद माझ्या बाजूला उभा होता, म्हणून माझे ओठ त्याला दिसले नव्हते. त्याला फक्त चेहरे दिसले, एकेक करून पडत गेलेले. त्याने माझा दंड धरून मला वळवलं.

"काय बोललीस त्यांना?"

मी सांगितलं.

"कशाला? हसत होते ना."

माईक माझ्या हातात चालूच होता. त्याचं ते मोठ्याने बोललेलं वाक्य सगळ्या हॉलने ऐकलं.

१ डिसेंबर, सोमवार

ग्रंथालयात गेले. एक नोंद चुकवली. आईने काल रात्री जेवण केलं नव्हतं, आज सकाळी तिने विचारलं, "तुला माहीत व्हतं?" मी हो म्हटलं. ती भाजी निवडत राहिली. मग म्हणाली, "मी त्याला लय मारलंय गं त्या चार सालात. ऐकत न्हाय म्हनून."

हे मला आठवत नव्हतं. आता आठवतं.

७ डिसेंबर, रविवार

मिलिंद आईला भेटायला आला. तास-दीड तास बसला. तिच्या पायाला औषध चोळून दिलं, तिला हसवलं. माझ्याकडे त्याने तोंड वळवलं नाही, आणि त्याने तोंड वळवलं नाही की त्याच्याशी बोलता येत नाही. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिले. जाताना चप्पल घालताना म्हणाला, "येतो आई."

१४ डिसेंबर, रविवार

मेलवर क्षितिजाचं पत्र आलं आहे. त्या दिवसापासून तिला झोप नाही, असं लिहिलं आहे. फिल्म आणखी सात गावांत दाखवायची आहे. आता ती सुरू होण्याआधी पडद्यावर चार ओळींची पाटी टाकावी असं तिला वाटतं: हा मुलगा बहिरा होता, हे तेव्हा दिग्दर्शकाला ठाऊक नव्हतं, आणि कुटुंबाची क्षमा मागतो. ओळी चांगल्या आहेत, नेटक्या, कुठेही भडक नाहीत. 'आपली संमती असल्यास कळवावे.'

मी लगेच 'आहे' असं लिहिलं. एक शब्द सुचवला सुद्धा. पाठवायच्या आधी थांबले, तिच्या ओळी कागदावर छापून घेतल्या आणि राहनाळला गेले.

मिलिंद जेवत होता. त्याने ताट सरकवून कागद शेजारी ठेवला आणि जेवत जेवत वाचला. उन्नती त्याच्या खांद्यावरून वाचत होती.

"नको," तो म्हणाला.

"त्यात काही चूक आहे का? बदलून घेऊ."

"चूक नाय. पाटी लावली की कोन हसनार नाय. सगळे असे बसनार." त्याने तोंड पाडून दाखवलं, हुबेहूब त्या दिवशीचा हॉल. उन्नतीला हसू फुटलं, मग तिने माझ्याकडे पाहून ते गिळलं.

"पण मिलिंद, ते खरं आहे ना?"

"खरं हाय. म्हनून काय दर गावात सांगायचं? तुझी चार सालं हायत, ती तू घेऊन बस. लिहायचं तर लिही, रडायचं तर रड. त्याच्यावर आपलं नंतर बघू. पन ही फिल्म माझी हाय." त्याने कागदाची घडी घातली. "पूर्ण जिंदगीत एकाच ठिकानी मी वाजवलं आन लोक थांबून राहिले. नवरापन थांबला."

तो भात कालवू लागला. मी उभीच होते. उन्नतीने माझ्यासाठी पाट टाकला, पण त्याने काही बस म्हटलं नाही, म्हणून मी बसले नाही. जिना उतरताना त्याचा आवाज खाली येत होता. उन्नतीला विचारत होता, तो तुकडा आता किती लोकांनी बघितला.

घरी येऊन क्षितिजाला कळवलं: पाटी नको. तिने कारण विचारलं. मी लिहिलं, ते मिलिंदलाच विचारा, आणि त्याचा नंबर दिला.